काशीचे नागोजीभट्ट : शब्दांच्या पलीकडे पाहणारा वैयाकरण

परप्रांती स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबात काशीचे नाव निघाले की देवघरातील गंगेचा गडू आठवतो, आजोबांच्या काशीयात्रेच्या हकिगती आठवतात, आणि इतिहासाची थोडी गोडी असेल तर १६७४ साली शिवराज्याभिषेकासाठी रायगडावर आलेले गागाभट्ट आठवतात. ह्या मालिकेत आणखी एक नाव अगत्याने गुंफले जावे, असे आम्हांस फार दिवसांपासून वाटत आले आहे. ते नाव म्हणजे नागोजीभट्ट काळे; संस्कृत ग्रंथांच्या जगात नागेशभट्ट ह्या नावाने वंदिले जाणारे महावैयाकरण. मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी काही लिहावे अशी सूचना आली, तेव्हा त्यांचेच चरित्र आमच्या डोळ्यांपुढे उभे राहिले. ह्याला एक कारण आहे. ज्या पुरुषाने सारे आयुष्य शब्द पारखण्यात वेचले, त्यानेच शब्दाला जे सांगता येत नाही त्याचीही बूज राखली. आणि घरापासून दूर राहणाऱ्या आपल्यासारख्यांना, सांगू गेले असता सांगता येत नाही अशा गोष्टींचा परिचय इतरांहून थोडा अधिकच असतो.

काशीत मराठी माणूस नवखा नव्हता. पैठणच्या रामेश्वरभट्टांचे पुत्र नारायणभट्ट ह्यांच्या पुढाकाराने सोळाव्या शतकात विश्वेश्वराचे देवालय पुन्हा उभे राहिले होते. गागाभट्ट हे त्यांच्याच वंशातले. शेष घराण्यातील शेषकृष्ण हे सिद्धांतकौमुदीकार भट्टोजी दीक्षितांचे गुरू. पुढे पेशवाईच्या काळात पंचगंगा, दुर्गाघाट, ब्रह्माघाट ह्या भागांत दक्षिणी ब्राह्मणांची वस्ती दाट झाली. ह्या घराण्यांतून सभेत संस्कृत, बाजारात तिकडची बोली आणि उंबरठ्याच्या आत मराठी असा त्रिविध व्यवहार पिढ्यान्‌पिढ्या चालत आला. आपल्यापैकी अनेकांच्या घरची रीत आज ह्याहून फारशी वेगळी नाही. बाहेरच्या भाषांची नावे तेवढी बदलली.

अशा काशीत सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात नागोजींचा जन्म झाला. वडिलांचे नाव शिवभट्ट, मातोश्रींचे सतीदेवी. ही दोन नावे वाचकांनी ध्यानात ठेवावीत, पुढे त्यांचे प्रयोजन आहे. नागोजींचे व्याकरणाचे अध्ययन भट्टोजी दीक्षितांचे नातू हरि दीक्षित ह्यांच्यापाशी झाले आणि न्यायशास्त्राचे रामराम नावाच्या पंडितांपाशी. पतंजलींचे महाभाष्य त्यांनी गुरूंच्या पायांशी बसून अठरा वेळा वाचले, असे परंपरा सांगते. हा आकडा कोणास मोठा वाटेल. पण नागोजींचे ग्रंथ चाळताना महाभाष्याचा कोणता कोपरा त्यांच्या नजरेतून सुटला असेल, असे विचारण्याचा धीर होत नाही. पंडितांची गाठ दारिद्र्याशी बांधलेली असते. नागोजींना मात्र शृंगवेरपूरच्या रामवर्मा राजाचा आश्रय मिळाला. शृंगवेरपूर म्हणजे निषादराज गुहाने श्रीरामांना जेथून गंगापार नेले ते प्रयागजवळचे क्षेत्र. आपली उपजीविका ह्या राजामुळे चालली, ही नोंद नागोजींनी कृतज्ञतेने करून ठेवली आहे.

त्यांच्या ग्रंथसंपदेची संपूर्ण यादी देण्याचे हे स्थळ नव्हे. सिद्धांतकौमुदीवरील शब्देंदुशेखर, महाभाष्यावरील कैयटाच्या प्रदीपाचा अर्थ उजळणारा उद्द्योत, पाणिनीची सूत्रे लावताना पाळावयाच्या नियमांची चर्चा करणारा परिभाषेंदुशेखर आणि शब्दार्थविचाराची परिपूर्ण पेटी अशी वैयाकरणसिद्धांतमंजूषा, एवढी नावे पुरेत. मंजूषेची तर त्यांनी बृहत्, लघु आणि परमलघु अशी तीन रूपे सिद्ध केली. धर्मशास्त्र, योग आणि काव्यशास्त्र ह्या प्रांतांतही त्यांची लेखणी चालली. येथे एक गोष्ट मुद्दाम सांगावीशी वाटते. पंडितराज जगन्नाथांनी भट्टोजी दीक्षितांच्या प्रौढमनोरमेवर अत्यंत जहाल टीका केली होती. नागोजी भट्टोजींच्या नातवाचे शिष्य, म्हणजे प्रतिपक्षाचे. तरीही जगन्नाथांच्या रसगंगाधरावर टीका लिहून तो ग्रंथ अभ्यासकांना सुगम करून देण्याचे काम त्यांनीच केले. घराण्यांची भांडणे त्यांनी विद्येच्या दारात आणली नाहीत.

त्यांच्या स्वभावाची दुसरी खूण ह्याहून हृद्य आहे. प्रौढमनोरमेवर शब्दरत्न नावाची जी टीका सर्वत्र पढविली जाते, तिच्यावर हरि दीक्षितांचे नाव आहे. पण ती शिष्याने लिहून गुरूंच्या नावावर केली, असे पंडितांच्या परंपरेत सांगतात. वाल्मीकिरामायणावरील तिलक ह्या सुप्रसिद्ध टीकेवर राजा रामवर्म्याचे नाव आहे. तीही नागोजींच्याच हातची असे अनेक विद्वान मानतात. गुरूचे ऋण आणि अन्नदात्याचे ऋण ही दोन ऋणे कोणत्या शब्दांत मानावीत? स्तुतीचे श्लोक रचणे त्यांना अवघड नव्हते, आणि काही रचलेही. परंतु परंपरा खरी असेल, तर श्लोकात न मावलेली कृतज्ञता त्यांनी संबंध ग्रंथाच्या रूपाने अर्पण केली आणि ग्रंथावरचे आपले नाव पुसून टाकले. जेथे बोलणे संपले तेथे देणे सुरू झाले.

आता त्यांच्या आयुष्यातील त्या दुःखाकडे वळू, ज्याच्यामुळे हे चरित्र आमच्या मनात घर करून राहिले आहे. नागोजींना अपत्य नव्हते. मोक्षाची नगरी म्हणून गाजलेल्या काशीत, पुत्रावाचून गती नाही असे मानणाऱ्या समाजात, स्वतः धर्मशास्त्राचे निर्णय देणाऱ्या पुरुषाच्या घरी पाळणा हलला नाही. ह्या उणिवेविषयी त्यांनी विलाप केलेला नाही. शब्देंदुशेखराच्या अखेरीस एक छोटासा श्लोक मात्र आहे. त्याचा आशय असा की, शब्देंदुशेखर हा आपला पुत्र आणि मंजूषा ही आपली कन्या. ही दोन अपत्ये आपल्या बुद्धीच्या ठायी जन्माला घालून आपण शिव-पार्वतींना अर्पण केली आहेत. एवढेच. पुढे एक अक्षर नाही.

नागोजींच्या वडिलांचे नाव शिवभट्ट आणि आईचे सतीदेवी, हे आपण वर पाहिले. तेव्हा शिव आणि शिवा ह्यांच्या चरणी अपत्ये ठेवताना, आजी-आजोबांच्या मांडीवर नातवंडे द्यावीत तसा काही भाव त्यांच्या मनात तरळून गेला असेल काय? आम्हांस तसे वाटते. त्यांनी तसे म्हटलेले नाही. आणखीही एक गोष्ट लक्षात येते. १६६९ साली विश्वेश्वराचे देवालय औरंगजेबाच्या हुकमाने पाडले गेले होते, आणि अहल्याबाई होळकरांनी नवे देवालय उभारले ते १७८० च्या सुमारास, नागोजींच्या पश्चात. म्हणजे ज्या विश्वनाथाच्या नगरीत त्यांनी आपली लेकरे शिवार्पण केली, त्या नगरीत त्यांच्या कर्त्या वयात विश्वनाथाचे ते भव्य देवालय नव्हते. ज्याला अर्पण करावयाचे त्याचे ठिकाण डोळ्यांना दिसलेच पाहिजे असे नाही, हे काशीकरांना त्या काळाने शिकविले होते.

परिभाषेंदुशेखराचा शेवट तर ह्याहून विलक्षण आहे. वैयाकरणांमध्ये फार पूर्वीपासून एक वचन रूढ होते. त्याचा आशय असा की, सूत्र करताना अर्ध्या मात्रेची जरी बचत झाली तरी वैयाकरण ती पुत्रजन्माच्या सोहळ्यासारखी मानतात. ऱ्हस्व स्वर उच्चारण्यास लागणारा काळ म्हणजे एक मात्रा. स्वरहीन व्यंजनाची अर्धी. एवढ्या अल्प लाघवासाठी पेढे वाटणारी ही मंडळी! हे वचन थट्टेने सांगितले जाते आणि ऐकणारा हसतो. नागोजींनी परिभाषांची चर्चा संपविली ती ह्या वचनाशी. ते त्यांचे स्वतःचे नव्हे, पूर्वापार चालत आलेले. पण निपुत्रिक ग्रंथकाराच्या ग्रंथाच्या अगदी शेवटी ते उभे आहे. ते लिहिताना त्यांचा हात क्षणभर थांबला असेल काय, हे ग्रंथ सांगत नाही. शास्त्राच्या कोरड्या पानावर ते वचन आपल्या जागी शांतपणे बसले आहे. ज्याला कळावयाचे त्याला कळते. सांगितलेल्या शब्दाच्या आड न सांगितलेले कसे उभे असते, ह्याचे ह्याहून थोर उदाहरण आम्हांस ठाऊक नाही.

आणि नागोजींच्या विद्वत्तेचा एक मोठा विषय नेमका हाच होता. शब्दाचा सरळ अर्थ देणारी शक्ती म्हणजे अभिधा. सरळ अर्थ जुळेनासा झाला की त्याच्याशी लागून असलेला दुसरा अर्थ देणारी ती लक्षणा. ह्या दोहोंच्याही पलीकडे, बोलणाऱ्याने उच्चारलेले नसताना ऐकणाऱ्याच्या मनात जे उजळते, ते व्यंजनेचे कार्य असे काव्यशास्त्रज्ञ आनंदवर्धनापासून सांगत आले होते. नैयायिकांना ती वेगळी शक्ती मान्य नव्हती, आणि जुन्या वैयाकरणांनीही तिला शास्त्रात स्वतंत्र आसन दिले नव्हते. नागोजींनी मंजूषेत स्पष्टपणे मांडले की, व्याकरणशास्त्रालाही व्यंजना मानल्यावाचून गत्यंतर नाही. व्याकरणातच असे शब्दांश आहेत की ज्यांना स्वतःचा अर्थ नसतो; ते शेजारच्या शब्दाचा अर्थ उजळतात, दिव्याने वस्तू दाखवावी तसे.

आपल्या मराठीतले उदाहरण घ्यावे. जा म्हटले तर आज्ञा झाली. जा ना म्हटले तर आर्जव झाले, आणि सूर थोडा बदलला तर लाडिक रागही झाला. ह्या ना चा अर्थ कोणत्या कोशातून काढून दाखवावा? परक्या भाषेत वाढलेल्या नातवाला तो समजावून देताना आजीची किती तारांबळ उडते, हे आपण घरोघरी पाहतो. नागोजी तर ह्याहून पुढे जातात. व्यंजना शब्दांत असते, अर्थांत असते, एकेका वर्णात असते, आणि हावभावांतही असते, असे ते सांगतात. एखादीच्या नुसत्या कटाक्षाने मनीची ओढ व्यक्त झाली, असे लोक बोलतातच. तो अनुभव नाकारून चालणार नाही, हा त्यांचा युक्तिवाद. अर्ध्या मात्रेचा हिशेब ठेवणारा हा पुरुष, जेथे एकही मात्रा उच्चारलेली नाही तेथेही अर्थ आहे असे शास्त्राच्या भाषेत मान्य करतो, हे केवढे औदार्य!

सूर्य मावळला ह्या साध्या वाक्यातून प्रत्येक श्रोत्याला निराळा अर्थ कसा लाभतो, हे काव्यशास्त्राचे जुने उदाहरण आहे. आपल्याकडे वडीलधारी बाई दिवेलागण झाली एवढेच म्हणते. तेवढ्याने अंगणातली मुले हातपाय धुण्यास पळतात, सून देवापुढे निरांजन लावते, झोपाळ्यावरचे आजोबा संध्येच्या पळीपंचपात्राकडे वळतात, आणि परगावी गेलेल्या मुलाची आठवण येऊन म्हणणारी स्वतः क्षणभर दाराकडे पाहते. वाक्य एकच, त्याने हलविलेली मने चार. पण ज्या घरात दिवेलागण हा शब्दच उरला नाही, तेथे ही चार मने एका वाक्याने कशी हलणार?

हे सारे अर्थ येतात कोठून, ह्याचे उत्तर वैयाकरणांनी स्फोट ह्या कल्पनेने दिले. घर हा शब्द उच्चारताना र येईपर्यंत घ विरून गेलेला असतो. दोन्ही वर्ण एका वेळी कधीच हजर नसतात. तरी अर्थ मात्र एकदम, अखंड असा मनात फुटतो. तो जेथून फुटतो तो स्फोट. नागोजींनी ह्या विषयावर स्फोटवाद नावाचा स्वतंत्र ग्रंथ लिहिला. परा, पश्यंती, मध्यमा आणि वैखरी ह्या चार वाणी संतवाङ्मयामुळे मराठी माणसाच्या कानांवरून गेलेल्या असतात. नागोजींनी त्यांची शास्त्रीय मांडणी केली. मुखावाटे बाहेर पडते ती वैखरी, हृदयात असते ती मध्यमा, नाभीपाशी पश्यंती आणि मूलाधारी परा. आपण जे बोलतो ती चौथी पायरी. तिच्या मागे तीन पायऱ्या न बोललेल्या आहेत. तेव्हा मनातले सारे ओठांवर आले नाही म्हणून खंत करण्याचे कारण नाही. वाणीची घडणच तशी आहे.

नागोजींच्या उत्तरायुष्यातील एक हकीगत पंडितमंडळींत आवर्जून सांगितली जाते. १७२७ साली जयपूर वसविणारे सवाई जयसिंग ह्यांनी अश्वमेध यज्ञ योजिला आणि नागोजींना सन्मानाने निमंत्रण धाडले. राजाचे बोलावणे, यज्ञाचे निमित्त, भारतभरच्या विद्वानांचा मेळावा. कोणता पंडित नाही म्हणेल? नागोजींनी क्षेत्रसंन्यास घेतला होता. क्षेत्रसंन्यास म्हणजे देह पडेपर्यंत काशीची सीमा न ओलांडण्याचे व्रत. ते गेले नाहीत. व्रताची थोरवी सांगणारा ग्रंथ लिहिणे वेगळे आणि दाराशी आलेली पालखी परत पाठविणे वेगळे. काशीवर त्यांचे प्रेम किती होते, हे त्या न जाण्यातून जगाला कळले.

अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत त्यांची परंपरा काशीत पक्की रुजली होती. त्यांचे पट्टशिष्य वैद्यनाथ पायगुंडे हेही आपल्याकडलेच. गुरूंच्या परिभाषेंदुशेखरावर गदा, लघुमंजूषेवर कला आणि उद्द्योतावर छाया ह्या टीका त्यांनी लिहिल्या. पोटच्या मुलाने वडिलांचे वाडे राखावेत तसे ह्या शिष्याने गुरूंचे ग्रंथ राखले. पायगुंड्यांचे पुत्र बाळंभट्ट. मिताक्षरेवरील बाळंभट्टी ही टीका वैद्यनाथांच्या पत्नी लक्ष्मीदेवी ह्यांच्या नावे चालते. कृतज्ञता ग्रंथरूपाने दुसऱ्याच्या नावावर करण्याची ही चाल त्या घराण्यातही उतरली असावी, असे वाटते.

हा ओघ पुढे गोदा-कृष्णेच्या प्रदेशातही पोचला. पुण्याचे नीळकंठशास्त्री थत्ते, साताऱ्याचे भास्करशास्त्री अभ्यंकर ह्यांच्या पाठशाळांतून शेखराचे पाठ चालत. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात अध्यापन करणाऱ्या कीलहॉर्न ह्या जर्मन पंडिताने १८६८ साली परिभाषेंदुशेखर छापून काढला आणि पुढील काही वर्षांत त्याचे इंग्रजी भाषांतर सिद्ध केले. त्यामुळे नागोजींचे नाव युरोपातील विद्यापीठांपर्यंत गेले. महामहोपाध्याय वासुदेवशास्त्री अभ्यंकरांनी परिभाषेंदुशेखरावर संस्कृत टीका तर लिहिलीच, पण महाभाष्य मराठीत आणण्याचे प्रचंड कार्यही केले. काशीत नागपंचमीला नागकुव्यावर पतंजलींच्या स्मरणार्थ शास्त्रार्थाची जुनी चाल आहे. व्याकरणाच्या वर्गांतून नागोजींचा शेखर आजही शिकविला जातो. निपुत्रिक माणसाच्या लेकरांनी पावणेतीनशे वर्षे घर भरलेले ठेवले आहे.

हे सारे ह्या स्मरणिकेत कशासाठी, असे कोणी विचारील. पन्नास वर्षांपूर्वी ज्यांनी हे मंडळ स्थापन केले, त्यांना गाव सोडताना काय वाटले हे त्यांतील फारच थोड्यांनी कधी सांगितले असेल. आपल्या मुलांना माहेर ह्या शब्दाचा अर्थ सांगावयाचा तर आईचे घर एवढे म्हणून भागते. पण त्या शब्दाने परमुलखातील बाईचा गळा का दाटतो, हे कसे सांगावे? ते सांगता येत नाही. गणपतीच्या आरतीच्या वेळी, दिवाळीच्या पहाटे, सतरंजीवर मांडीला मांडी लावून बसताना ते आपोआप पोचते.

परंतु नागोजींनी शिकविलेली दुसरी बाजूही विसरता कामा नये. ज्या व्यंजनेला त्यांनी शास्त्रात मानाचे पान दिले, तिच्यासाठीच त्यांनी शब्दही आयुष्यभर घासून-पुसून लख्ख ठेवले. न बोललेले ऐकू येण्यासाठी बोललेले ओळखीचे असावे लागते. दिवा नसेल तर दिव्याने दाखवावयाची वस्तू अंधारातच राहील. म्हणून मुलांशी घरात मराठी बोलावी, चुकतमाकत का होईना त्यांना बोलू द्यावे, आणि त्या ना, बरं का, अगबाई ह्यांसारख्या लहानसहान शब्दांना क्षुल्लक मानू नये. एवढी शिदोरी आपण त्यांच्या पदरी बांधली, तर जे आपल्याला कधीच सांगता आले नाही तेही एखाद्या संध्याकाळी त्यांचे त्यांना उमगेल.

काशीचे ते निपुत्रिक पंडित आपली अपत्ये शिवचरणी ठेवून निश्चिंत झाले. मंडळाच्या पन्नास वर्षांच्या ह्या लेकरालाही आपण तशाच भावनेने पुढील पिढीच्या ओटीत घालू या. इति शुभम्.